आयपी ६५चा डबा दोन पावसाळ्यांत का गेला?

तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडतो, म्हणजे इतरांनाही संदर्भ लागेल. गुहागर तालुक्यात, समुद्रापासून दीड-दोनशे मीटरवर तुमचं घर आहे आणि पर्यटकांसाठी चार खोल्या काढल्या आहेत. पश्चिमेच्या भिंतीवर, मीटरशेजारी, पावडर कोटिंग केलेला लोखंडी पत्र्याचा विजेचा डबा बसवला. त्यावर आयपी ६५ छापलेलं. दोन पावसाळ्यांत आतल्या एमसीबीचे (करंट जास्त झाला की पुरवठा तोडणाऱ्या स्विचचे) स्क्रू हिरवे झाले आणि डब्याच्या तळाशी वाटीभर पाणी साचलं. झाकण मात्र घट्ट, वरून थेंब गळाल्याची खूण कुठेच नाही. वायरमन म्हणतो, या खेपेला स्टेनलेस स्टीलचा घ्या. दुसरं, वाडीतल्या विहिरीवरचा २ एचपीचा सिंगल फेज पंप घरापासून ९० मीटरवर आहे. त्याची केबल पोफळींना बांधून नेली आहे, ती जमिनीतून न्यावी का आणि कुठली घ्यावी? तिसरं, जून लागला की आरसीसीबी (अर्थकडे वीज गळली की पुरवठा तोडणारा स्विच) सारखी पडते, ती काढून टाकली तर चालेल का?

तिसऱ्याचं उत्तर आधी देतो: नाही चालणार. कारण शेवटी सांगेन, ते पहिल्या दोन प्रश्नांत गुंतलेलं आहे.

मी गेली अठ्ठावीस वर्षं याच किनाऱ्यावर विजेची कामं करतो. बर्फाचे कारखाने, जेटीवरचे दिवे, आंब्याचे कॅनिंग, देवळं, घरं. एवढ्या वर्षांत झाकणातून पाणी शिरून खराब झालेले डबे फार थोडे पाहिले. बाकीच्यांत पाणी आलं ते आम्हीच पाडलेल्या भोकांतून, केबलच्या पोटातून, नाहीतर हवेतून.

आयपी ६५ म्हणजे नेमकं काय ते बघू. आयएस/आयईसी ६०५२९ या मानकात पहिला आकडा धुळीचा आणि दुसरा पाण्याचा. ६ म्हणजे धूळ अजिबात आत नाही. ५ म्हणजे ६.३ मिलीमीटर तोंडाच्या नळीतून मिनिटाला साडेबारा लिटर पाणी सगळ्या बाजूंनी मारलं तरी अपाय होईल इतकं पाणी आत जात नाही. ही चाचणी काही मिनिटांची असते. यातली एक अट आपल्या कामाची आहे. चाचणीच्या पाण्याचं आणि डब्याचं तापमान जवळपास सारखं असावं लागतं, पाच अंशांपेक्षा जास्त फरक नको. पाणी त्याहून गार असेल तर डब्यातला आणि बाहेरचा दाब सारखा राहील अशी सोय करून मगच चाचणी घ्यायची. कारण तापलेल्या बंद डब्यावर गार पाणी पडलं की तो डबा पाणी आत ओढतो, हे मानक लिहिणाऱ्यांना ठाऊक आहे.

आपल्याकडे ते रोज घडतं. मेच्या शेवटी किंवा जूनमध्ये, सरी आणि ऊन आलटून पालटून असतात तेव्हा, पश्चिमेच्या भिंतीवरचा गडद रंगाचा डबा दुपारी सहज ६० अंशांपर्यंत तापतो. मग एकदम सर येते आणि तो २८ अंशांवर उतरतो. डबा खरोखर हवाबंद असेल तर आतल्या हवेचा दाब दहा टक्क्यांच्या आसपास घटतो. ही ओढ जवळजवळ मीटरभर उंचीच्या पाण्याच्या दाबाइतकी असते. एवढ्या ओढीपुढे गॅस्केटची एखादी सैल कड किंवा अर्धवट आवळलेला ग्लँड (केबल आत शिरते तिथलं आवळायचं बूच) टिकत नाही. पाणी नाही शिरलं तरी दमट हवा शिरते, रात्री तिचं दव होऊन पत्र्यावरून तळाशी उतरतं. तुमचं वाटीभर पाणी बहुधा असंच जमलेलं आहे, दररोज चमचा-चमचा. आत आलेल्या पाण्याला बाहेर जायची वाट नव्हती, म्हणून ते साचलं.

आपली जुनी घरं बांधणाऱ्यांना हे कळत होतं. कौलांतून पाणी कधी येणारच नाही असं ते धरून चालत नसत. उतार द्यायचे, पागोळ्या भिंतीपासून दूर पाडायचे, जोत्याभोवती पाणी वाहून जाईल असा पाट काढायचे. बाहेरच्या डब्याचं कामही असंच विचार करून करायला हवं.

आता मीठ. पावसाळ्यात स्वयंपाकघरातल्या मिठाच्या बरणीत पाणी सुटतं ना, तेच डब्यावर होतं. शुद्ध मीठ हवेतली आर्द्रता पाऊणशे टक्क्यांच्या वर गेली की पाणी धरायला लागतं. समुद्राच्या मिठात मॅग्नेशियमचे क्षार असतात, ते तर तीस-पस्तीस टक्क्यांनाच ओलं धरतात. म्हणजे आपल्याकडे डब्यावर बसलेला मिठाचा थर वर्षातला बहुतेक काळ ओला असतो. पावसाचं पाणी हा थर धुऊन टाकतं. त्यामुळे उघड्यावर पावसात भिजणारा डबा कधीकधी पडवीत, छपराखाली सुरक्षित ठेवलेल्या डब्यापेक्षा जास्त टिकलेला दिसतो. आडोशाच्या डब्याला मीठ मिळतं आणि धुणं मिळत नाही. कुठलाही डबा बघायला गेलो की मी आधी वाकून त्याचा तळ आणि छज्जाखालची कड पाहतो. गंज तिथूनच चढतो.

आयपीच्या आकड्यात यातलं काहीच मोजलेलं नसतं. गंज, ऊन, मीठ या त्याच्या कक्षेबाहेरच्या गोष्टी. विक्रेते सॉल्ट स्प्रेचे, म्हणजे खाऱ्या पाण्याच्या फवाऱ्याखालच्या चाचणीचे, तास सांगतात, हजार तास वगैरे. दोन रंगांची एकमेकांशी तुलना करायला ते ठीक, पण त्या तासांचा तुमच्या भिंतीवरच्या वर्षांशी सरळ हिशेब लागत नाही.

मग स्टेनलेस घ्यावं का? बाजारात नुसतं ‘एसएस’ म्हणून मिळतं ते बहुधा ३०४ दर्जाचं. समुद्राच्या इतक्या जवळ ३०४वर वर्षभरात चहाचे डाग पडल्यासारखे तपकिरी ठिपके येतात, आणि फटीत, स्क्रूखाली, बिजागरीत बारीक खड्डे पडतात. ३१६मध्ये दोन ते तीन टक्के मॉलिब्डेनम असतं, म्हणून ते मिठापुढे बरंच टिकतं, पण किंमत ऐकून माणूस बसतो. शिवाय डबा ३१६चा घेतला आणि त्याचं कुलूप क्रोम चढवलेल्या हलक्या मिश्रधातूचं असलं की आधी कुलूप जातं. जेटीवर, बर्फाच्या कारखान्यात, जिथे फोर्कलिफ्ट नाहीतर माशांचे क्रेट आपटतात, तिथे ३१६ घ्या. घराला त्याची गरज नाही. आणि स्टीलचा दर्जा कितीही उंची असला तरी आत जमणाऱ्या दवाचं तो काही करत नाही. तुमची एमसीबी गेली ती दवाने.

घरासाठी माझी पसंती पॉलीकार्बोनेट किंवा एसएमसीच्या (काचतंतू घातलेल्या कडक प्लास्टिकच्या) डब्याला. उन्हासाठीचा, यूव्ही टिकाऊ असा उल्लेख बघून घ्या. एबीएसचे स्वस्त डबे दिसायला सारखेच असतात, पण उन्हात पिवळे पडून चिरतात. रंग फिकट घ्या, करडा किंवा पांढरा. पॉलीकार्बोनेटला थिनर, पेट्रोल, भलतीसलती तेलं लावू नका, त्याने ताण असलेल्या जागी चिरा पडतात. गंजलेला स्क्रू सोडवायला वायरमन जे काही फवारतो, त्याबद्दलही सावध राहा.

पण याहून आधीचा सल्ला म्हणजे डबा बाहेर ठेवूच नका. मीटरनंतरचा एक मुख्य आयसोलेटर किंवा एमसीबी सोडली तर बाकी सगळं वितरण घराच्या आत, माजघराच्या बाजूला, स्वयंपाकघराच्या वाफेपासून दूर घ्या. चार खोल्यांचे सर्किट बाहेरच्या भिंतीवर असायचं काही कारण नाही. बाहेर जे राहील ते पूर्वेच्या भिंतीवर न्या. आपला पाऊस नैऋत्येकडून आडवा येतो, त्यामुळे पूर्वेची भिंत निम्मं काम करून टाकते. मीटरची जागा बदलायची तर महावितरणकडे रीतसर अर्ज आणि परवानाधारक ठेकेदाराचा टेस्ट रिपोर्ट लागेल. तो खटाटोप एकदा करा.

डबा बसवताना चार गोष्टी मी स्वतः उभा राहून करून घेतो. मागच्या पत्र्यातून आरपार भोक पाडून भिंतीला ठोकायचं नाही. तसं केलं की आयपीचा आकडा तिथेच संपला. चांगल्या डब्याला सीलबंद भागाच्या बाहेर कान असतात, त्यांतून आवळायचं. जांभ्याची भिंत चार महिने पाणी पिऊन असते, म्हणून डबा आणि भिंत यांच्यात बोटभर अंतर राहील असे स्पेसर लावायचे, म्हणजे मागून वारा फिरतो. स्क्रू स्टेनलेसचे. आणि आकार गरजेपेक्षा एक नंबर मोठा. कोंबून भरलेल्या डब्यात हात जात नाही, मग कोणी स्क्रू नीट आवळत नाही, आणि सैल जोड तापतो. सीलबंद डब्यातून उष्णता बाहेर पडायला जागा नसते, हेही आलंच.

आता भोकं. केबल नेहमी खालून घ्यायची. वरून भोक पाडायला मी माझ्या माणसांना साफ मनाई केली आहे, आणि बाजूने घ्यायची वेळ आलीच तर केबलला आधी खाली झोल देऊन मग वर चढवायची, म्हणजे तिच्यावरून ओघळणारं पाणी झोलाच्या तळाशी गळून पडतं. प्रत्येक केबलला तिच्या बाहेरच्या व्यासाला बसणारा ग्लँड हवा. एकाच भोकातून तीन वायरी घालून वर एमसील थापणं हा आपल्याकडचा राष्ट्रीय खेळ आहे. एमसील पहिल्याच उन्हाळ्यात वायरीपासून सुटतं आणि केसाएवढी फट पाणी ओढून घ्यायला पुरते. न वापरलेल्या भोकांना त्याच दर्जाचे ब्लँकिंग प्लग लावा, नाहीतर पाली आणि मुंग्या शिरतात. कुंभारीण माशीने मातीची घरटी करून कॉन्टॅक्टर (मोटर चालू-बंद करणारा स्विच) अडकवलेला मी पाहिला आहे. पाल दोन फेजच्या मध्ये सापडली की तिच्यासकट सगळंच जातं.

सिलिकॉन वापरायचंच असेल तर वास घेऊन बघा. व्हिनेगरसारखा आंबट वास येत असेल तर ते डब्याच्या आसपास नको. वाळताना त्यातून ॲसिड सुटतं आणि बंद जागेत तांबं हिरवं करतं. ‘न्यूट्रल क्युअर’ लिहिलेली ट्यूब मिळते, ती घ्या.

डब्याच्या अगदी खालच्या जागी ब्रीदर-ड्रेन प्लग बसवा. तो हवेचा दाब बाहेरच्याबरोबर सारखा ठेवतो, आत जमलेलं पाणी थेंबथेंब बाहेर सोडतो आणि बाहेरचं आत घेत नाही. डब्याच्या किमतीत ही रक्कम किरकोळ आहे. नुसतं ड्रिलने भोक पाडलं तर पाणी जाईल, पण मुंग्या येतील. मोठ्या पॅनलमध्ये, जिथे कॉन्टॅक्टर, व्हीएफडी (मोटरचा वेग बदलणारं यंत्र) वगैरे आहेत, तिथे थर्मोस्टॅटवर चालणारा छोटा स्पेस हीटर लावतात. आतली हवा बाहेरच्यापेक्षा चार-पाच अंश गरम राहिली की दव धरत नाही. घराच्या डब्याला ते नको. सिलिका जेलच्या पुड्या टाकणारे लोक भेटतात. आपल्या हवेत त्या आठवड्यात भिजून जातात आणि मग नुसत्या पडून राहतात.

लोखंडी डबा काढून प्लास्टिकचा लावताना एक घातक चूक होते, ती ठळक सांगतो. आर्मर्ड केबलची पोलादी जाळी ग्लँडमधून धातूच्या डब्याला मिळते आणि डबा अर्थला, अशी साखळी असते. डबा प्लास्टिकचा झाला की ही साखळी तुटते. वरून सगळं जागच्या जागी दिसतं, पण पंपाकडे गेलेल्या केबलचं आर्मर अधांतरी राहतं. म्हणून प्रत्येक ग्लँडखाली अर्थ टॅग, म्हणजे भोकाची चकती, आणि तिथून अर्थ बारपर्यंत वेगळी वायर हवी. ग्लँड पितळी, निकेल चढवलेला, डबल कम्प्रेशनचा, वर पीव्हीसीची टोपी.

एकदा माझ्याच हातून झालेली गोष्ट सांगतो. दापोली तालुक्यात उतारावर एक घर, मीटर वर रस्त्याला, घर खाली. मी दोन्हींच्या मध्ये जमिनीतून डबल वॉल कॉरुगेटेड पाईप टाकला आणि त्यातून केबल नेली. डबा उत्तम, ग्लँड उत्तम. पाईप मात्र घरातल्या पॅनलखालच्या कप्प्यात उघडाच सोडला. जुलैत घरमालकांचा फोन आला, पॅनलमधून पाणी वाहतंय. वरच्या चेंबरमध्ये साचलेलं पाणी त्या पाईपमधून पन्हळीसारखं सरळ घरात येत होतं. दोष पाईपचा नव्हता, आयएस १४९३०चा चांगला पाईप होता. मी एक टोक बंद करायला विसरलो होतो. तेव्हापासून घरात शिरणारा प्रत्येक पाईप आतल्या टोकाला सील करतो, आणि शिरण्याआधी बाहेर एक छोटा चेंबर घेतो, तळाला खडी टाकून, म्हणजे पाणी तिथेच जिरेल. केबलच्या बाबतीतही हेच ध्यानात ठेवा. बाहेरचं टोक उघडं राहिलं तर कोअरमधल्या फटींतून आणि तारांच्या पिळातून पाणी मीटरच्या मीटर सरकत डब्यापर्यंत येतं.

आता पंपाची केबल. पोफळीवरून आधी काढा. ३ जून २०२०ला निसर्ग चक्रीवादळ आलं तेव्हा श्रीवर्धनपासून दापोलीपर्यंतच्या वाड्यांचं काय झालं ते आपण पाहिलं. पोफळ मोडली की बांधलेली केबल ओढते, आणि केबल भिंतीवरचा डबा ओढते. एका ठिकाणी भिंतीचा चिरा डब्यासकट निघून अंगणात पडलेला मी उचलला आहे. वादळ नसलं तरी झाड डोलतं, केबल सालीवर घासते, आणि शिंपणं करणारा माणूस ओल्या बुंध्याला टेकून उभा असतो.

जमिनीतून न्यायची तर आयएस ७०९८ भाग १ची, एक्सएलपीई इन्सुलेशनची, तांब्याची, आर्मर्ड केबल. सबमर्सिबलची काळी चपटी केबल विहिरीत सोडण्यासाठी असते. ती पुरायची नसते, जरी निम्म्या वाड्यांत ती पुरलेली असली तरी. आपल्या वाडीत घुशी, साळिंदर, रानडुकरं आणि कुदळ चालवणारे गडी असे चार शत्रू आहेत, आर्मर त्यांच्यासाठी आहे.

जाडीचा हिशेब करू. तुमचा पंप चालताना साधारण ११ ॲम्पिअर घेईल. ४ चौरस मिलीमीटरच्या तांब्याच्या केबलमध्ये दर ॲम्पिअरला, दर मीटरला ११ मिलिव्होल्ट पडतात, जाऊन-येऊन धरून. ९० मीटरला ते ११ व्होल्टच्या जवळ जातात, म्हणजे पाच टक्क्यांना थोडे कमी. कागदावर चालून जातं. पण सुरू होताना मोटर चार-पाच पट करंट ओढते, तेव्हा पन्नासेक व्होल्ट केबलमध्येच जातात. मे महिन्याच्या संध्याकाळी गावात आधीच दोनशे व्होल्ट असतात, मग मोटर नुसती हुंकारते आणि वाइंडिंग जळतं. ६ चौरस मिलीमीटर घ्या. त्यात चालू पंपाला सात व्होल्टच पडतील. ॲल्युमिनियम स्वस्त पडेल, पण त्याची टोकं आपल्या हवेत पांढरी भुकटी होतात. बायमेटॅलिक लग, ॲन्टिऑक्सिडंट पेस्ट, दरवर्षी पुन्हा आवळणं हे सगळं करणार असाल तरच. एवढ्या छोट्या केबलसाठी तो उपद्व्याप कशाला.

खोली आयएस १२५५प्रमाणे लो टेन्शनला किमान ७५० मिलीमीटर. तळाला दगड वेचलेल्या वाळूचा तीन इंचांचा थर, त्यावर केबल, वर तेवढीच वाळू, तिच्यावर विटा किंवा जुनी कौलं आडवी, मग माती, आणि मातीच्या मध्यावर पिवळी-लाल इशारा पट्टी. वाळू नदीची किंवा धुतलेली क्रशर. किनाऱ्यावरची भरून आणायचा मोह होईल, दोनशे मीटरवर आहे म्हणून. ती नको. परवानगीचा प्रश्न वेगळाच, पण तिच्यातलं मीठ केबलच्या आवरणाला कुठे ओरखडा असेल तिथून आर्मर खाऊन टाकतं. वळण घेताना आर्मर्ड केबलच्या व्यासाच्या किमान बारा पट त्रिज्या ठेवा. काटकोनात दुमडलेली केबल आतून फाटलेली असते, ते दोन वर्षांनी कळतं.

वाटेत कातळ लागला तर ७५० काही मिळणार नाही. तिथे जेवढं जाईल तेवढं खोदा, केबल पाईपमध्ये घाला आणि वर काँक्रीट ओता. गाडी जाते तिथे खोली मीटरभर आणि पाईप. गडग्याखालून नेताना गडगा हलवून पुन्हा रचा, फटीतून केबल सारू नका. मध्ये जोड अजिबात नको, ९० मीटरचा अखंड तुकडा मागवा. माती लोटण्याआधी चराचे फोटो काढा, माड-विहिरीपासून अंतरं लिहून ठेवा, आणि वळणांवर चिऱ्याच्या खुणा रोवा. पाच वर्षांनी ठिबकची पाइपलाइन टाकायला जो गडी येईल त्याला तुमची केबल दिसणार नाही.

घराच्या आतल्या वायरिंगबद्दल तुम्ही विचारलं नाहीत, तरी दोन शब्द. चार खोल्यांत भिंतीत गाडलेले स्विचचे डबे जीआयचे (जस्त चढवलेल्या लोखंडाचे) असतील तर प्लास्टर होण्याआधीच बदला. जांभ्याच्या ओल्या भिंतीत ते कुजतात आणि स्विचचे स्क्रू धरायला काही उरत नाही. पीव्हीसीचे मिळतात. बाहेरून येणाऱ्या कंड्युटचा उतार बोर्डाकडे नको. सोलर घेणार असाल तर छतावरच्या डीसी डब्याला वरचं सगळं दुपटीने लागू. डीसीमध्ये ठिणगी पडली की सहज विझत नाही.

खाडीकाठी किंवा नदीकाठी राहणाऱ्या वाचकांसाठी उंचीचा मुद्दा. २२ जुलै २०२१ला चिपळूणमध्ये मीटर बोर्डच्या बोर्ड वाशिष्ठीच्या पाण्याखाली गेले. अशा पाण्यात बुडालेली एमसीबी, आरसीसीबी, मीटर, कॉन्टॅक्टर हे उन्हात वाळवून पुन्हा लावायच्या गोष्टी नाहीत. आत गाळ बसलेला असतो, वेळेला एमसीबी पडत नाही. केबल मात्र मेगर (इन्सुलेशन तपासणारं यंत्र) लावून, टोकं नवी कापून बहुधा वाचवता येते.

आता अर्थिंग आणि तुमची आरसीसीबी. जांभा आणि कातळ पावसात पाणी धरतात, मे महिन्यात खडखडीत वाळतात. त्यामुळे ऑगस्टमध्ये मोजलेला अर्थ रेझिस्टन्स हा आपल्याकडे सर्वांत फसवा आकडा. मोजायचं ते मेमध्ये. समजा चांगलं काम होऊन १० ओहम मिळाले. फेज पंपाच्या अंगाला लागला तर २३० भागिले १०, म्हणजे फार तर २३ ॲम्पिअर वाहतील. त्यावर ३२ ॲम्पिअरची एमसीबी पडणारच नाही, १६ची पडायला कित्येक मिनिटं घेईल, आणि तोवर पंपाच्या अंगावर दोनशेच्या आसपास व्होल्ट राहतील. कातळावर ५० ओहम असले तर साडेचार ॲम्पिअर, तिथे ६ची एमसीबीही ढिम्म. ३० मिलिॲम्पिअरच्या आरसीसीबीला मात्र दीड हजार ओहमचं अर्थिंगसुद्धा हिशेबाने पुरतं. आपल्या मातीत माणूस वाचवणारी वस्तू तीच आहे. म्हणून अर्थिंग दुर्लक्षायचं असं नाही. आयएस ३०४३ बघून, मीठ-कोळशाचा खड्डा न करता, तांबं चढवलेली लांब सळई आणि बेंटोनाइट (ओल धरून ठेवणारी माती) वापरा. मीठ टाकलेल्या खड्ड्यातला जीआय पाईप चार-सहा वर्षांत चाळणी होतो.

मग आरसीसीबी जूनमध्येच का पडते? कारण जूनमध्ये कुठेतरी खरोखर गळती सुरू होते. एकच आरसीसीबी सगळ्या घराला असेल तर प्रत्येक गीझरची, फ्रीजची, अंगणातल्या दिव्याची थोडी थोडी गळती तिच्यात जमा होते, आणि पंपाच्या ओल्या जोडाने भांडं भरतं. पंप, बाहेरचे दिवे आणि खोल्या यांना वेगवेगळ्या आरसीसीबी किंवा आरसीबीओ (एमसीबी आणि आरसीसीबी एकत्र) द्या. त्याने पाहुण्यांच्या खोलीत अंधारही होणार नाही आणि दोष कुठल्या बाजूला आहे तेही कळेल. महिन्यातून एकदा टेस्टचं बटण दाबा. खाऱ्या हवेत आतली यंत्रणा अडकून बसते, दाबत राहिलं की मोकळी राहते.

दोष शोधताना वायरमन सगळ्या एमसीबी पाडतो, तरी आरसीसीबी उभी राहत नाही, मग म्हणतो आरसीसीबीच खराब. सिंगल पोल एमसीबी फक्त फेज तोडते. न्यूट्रल कुठे ओल्या भिंतीत अर्थला लागला असेल तर तो तसाच जोडलेला राहतो. मुख्य पुरवठा बंद करून न्यूट्रल बारवरून एकेक वायर काढायची, उपकरणं सोडवायची, आणि ५०० व्होल्टच्या मेगरने प्रत्येक सर्किट अर्थशी तपासायचं. आयएस ७३२ एक मेगओहमची किमान मर्यादा सांगतं. नवी, कोरडी वायरिंग याच्या शेकडो पट दाखवते, म्हणून दोन-तीन मेगओहम दिसले तर पास झालं म्हणून खूश होऊ नका, तिथे पाणी पोचलेलं आहे.

हे सगळं आगोटीच्या, म्हणजे पावसाळ्याआधीच्या, कामांत धरा. लाकूडफाटा, सुकी मासळी भरून झाली की मेच्या तिसऱ्या आठवड्यात एखाद्या कोरड्या दुपारी पुरवठा बंद करून डबे उघडा, गॅस्केट पुसा, स्क्रू आवळा, ड्रेन प्लगमधली कोळिष्टकं काढा, बाहेरून गोड्या पाण्याच्या फडक्याने पुसा. दसऱ्यानंतर पुन्हा एकदा.

तुमच्या जुन्या डब्यातल्या हिरव्या पडलेल्या एमसीबी नव्या डब्यात घालू नका. आणि खर्च करण्याआधी एवढं करा: मुख्य स्विच बंद करून पंपाच्या केबलचे फेज आणि न्यूट्रल दोन्ही बारवरून सोडवा आणि दोन दिवस पाऊस पडू द्या. आरसीसीबी टिकली तर चोर सापडला. पोफळींवरून गेलेल्या ९० मीटरच्या केबलमध्ये टेप गुंडाळलेला एखादा तरी जोड असणार, माझा पहिला संशय त्याच्यावर आहे.